बेट की दीपगृह

आमच्या घरी एकाच खेळाच्या तीन पेट्या आहेत आणि तो खेळणारा माणूस एकच आहे. असं कसं झालं, हे येणारा प्रत्येक पाहुणा विचारतो आणि माझे यजमान दर वेळी माझ्याकडे बोट दाखवतात. बोट दाखवताना ते हसतात, हे मला जास्त लागतं.

यजमान पाटबंधारे खात्यात आहेत. आयुष्यभर त्यांनी पाण्याच्या फायली पाहिल्या, पाणी फारसं पाहिलं नाही. समुद्र तर दोनदाच, तोही लग्नकार्याच्या धावपळीत. नागपूरहून पूर्वेला निघा की पश्चिमेला, समुद्र जवळपास सारखाच लांब. मग मुलगी, ऋचा, नोकरीसाठी बेंगळुरूला गेली आणि तिचा टीव्हीला जोडायचा गेमिंग कन्सोल इथेच टाकून गेली. मी तो देऊन टाकायच्या वस्तूंत धरला होता. पण एका संध्याकाळी ह्यांनी सहज तो सुरू केला आणि आत समुद्र निघाला.

त्या खेळाचं इंग्रजी नाव लांबलचक आहे. आमच्या घरी त्याला 'होडी' म्हणतात. त्यात चाचे आहेत, बुडालेला खजिना आहे, लढाया आहेत. ह्यांनी वर्षभरात यातलं काहीएक केलेलं नाही. हे नुसती होडी चालवतात. चाचे दिसले की बाजूने घेतात. (एकदा तर एका चाच्याला ह्यांनी आधी जाऊ दिलं. बर्डीच्या चौकात स्कूटरवरही हे असंच करतात, म्हणून आम्हाला घरी यायला उशीर होतो.) संध्याकाळचा चहा झाला की हे निघतात. दिवाणखान्यात निळा उजेड पसरतो, लाटांचा बारीक आवाज येत राहतो, आणि मी कुकर लावता लावता नकळत शिट्ट्या मोजायला विसरते. माझ्या बाबतीत ही गंभीर गोष्ट आहे.

तर या होडीचा दुसरा भाग येणार होता. तो तीन प्रकारांत होता. साध्या पेटीत नुसती डिस्क. मधल्या पेटीत डिस्क, चित्रांचं पुस्तक आणि एक जास्तीचं बेट, म्हणजे एका कार्डावरचा नंबर टाकला की समुद्रात ते बेट उगवायचं. मोठ्या पेटीत कापडी नकाशा आणि एक वीत उंचीचं, खरोखर उजेड देणारं दीपगृह. पण मोठ्या पेटीत बेट नाही. ही काय पद्धत झाली, ते मला अजून कळलेलं नाही. थाळी घेतली तर भाजी येते आणि मोठी थाळी घेतली तर भाजी काढून घेतात.

ऋचाने फोनवर मला बजावलं. "आई, या वेळी बाबांना निवडू दे. तू एक शब्दही बोलायचा नाही."

"मी कशाला बोलू?"

"त्यांचे शर्ट कोण आणतं?"

शर्ट मी आणते. चपला, चष्म्याची फ्रेम, केस कापायचा दिवस, सगळं मीच ठरवते. लग्नाला इतकी वर्षं झाली. ह्यांनी स्वतः निवडलेली एकमेव गोष्ट म्हणजे मी, आणि त्यातही माझ्या मामांचा हात होता. ऋचाचं बोलणं मला पटलं. ह्या माणसाला आयुष्यात एकदा तरी स्वतःच्या मनाने काहीतरी घेऊ द्यायचं, असं मी ठरवलं. (ठरवलं मीच, हे तेव्हा लक्षात आलं नाही.)

पण ह्यांचं ठरेना. बेट की दीपगृह, या विचारात माणूस तरंगायला लागला. वरणात साखर घातली. सिग्नल हिरवा होऊन पुन्हा लाल झाला तरी स्कूटर जागची हलली नाही. भाजीवाल्याने "साहेब, किती देऊ?" विचारलं, तर हे म्हणाले, "एकच असतं हो, पण हिरवंगार." त्याने एक भोपळा दिला.

सासूबाई काटोलकडच्या, शेतीत आयुष्य गेलेलं. त्यांनी लेकाला समोर बसवलं.

"काय गा, कोनता इचार करून राहिला तू? जेवनात ध्यान नाही तुयं."

"आई, एका पेटीत बेट आहे आणि एका पेटीत दिवा."

"बेट म्हन्जे जमीनच ना?"

"हो. पाण्यातली."

"मंग सातबारा पाह्यला का? विहीर हाय का तिथं?"

"आई, ते खरं नाही."

"खरं नाही तं इतका काहून सुकून राहिला? दिव्यावाला घे. लाईट गेली का कामी येते."

मी शब्द दिला होता म्हणून गप्प होते. पण गप्प बसण्यालाही मर्यादा असते, आणि शनिवारी ती आली. आम्ही बर्डीवर मनीषच्या दुकानात गेलो. हे दुकान मूळचं साड्यांचं. मनीषने अर्ध्या भागात गेम ठेवायला सुरुवात केली आणि आता एका भिंतीला साड्या, दुसऱ्या भिंतीला गेम. गादीवर त्याचे वडील, शेठजी, अजून बसतात. मोठी पेटी दुकानात एकच आली होती. धंतोलीतल्या एका हाडांच्या डॉक्टरनेही ती मागितली होती. आपल्याला नको असेल तर त्याला जाणार होती.

ह्यांनी तिन्ही पेट्या काउंटरवर मांडल्या आणि त्यांच्याकडे बघत उभे राहिले. गिऱ्हाइकं येऊन गेली. शेजारी एका बाईंनी शालू पसंत केला, नापसंत केला, पुन्हा पसंत केला आणि घेऊन गेल्यासुद्धा. हे तिथेच.

मग मला तोडगा सुचला. या दुकानातून मी आजवर जितक्या साड्या घेतल्या, त्या कधी उभ्याउभ्या घेतल्या नाहीत. चार साड्या पसंतीला घरी न्यायच्या, उजेडात बघायच्या, घरच्यांना दाखवायच्या, एक ठेवायची आणि तीन परत करायच्या. ओळखीच्या दुकानात हे चालतंच.

"मनीष, तिन्ही दे. उद्या संध्याकाळी दोन आणून देते."

"काकू, हे साडी आहे का? पसंतीले नाही नेत कोणी गेम."

"मी नेते."

"काकू, तुम्ही ऐकूनच नाही राहिल्या..."

"नेऊ दे ना बे," शेठजी गादीवरून म्हणाले. "घरच्याच आहेत. तुझ्या आत्याच्या लग्नाच्या साड्या यांनीच निवडल्या."

मनीषने पेट्या पिशवीत भरल्या. मी शेठजींशी बोलत होते, तेव्हा त्याने काउंटरपलीकडून ह्यांना एकच सूचना दिली: सील तोडू नका, तोडलं तर माल परत घेता येणार नाही. ह्यांनी मान हलवली. पण ह्यांची नजर तेव्हा दीपगृहाच्या चित्रावर होती आणि मान लाटेसारखी आपोआप हलत होती. ती सूचना माझ्यापर्यंत आली नाही.

शनिवारची संध्याकाळ मात्र फार छान गेली, हे कबूल केलं पाहिजे. ह्यांनी तिन्ही पेट्या दिवाणावर ओळीने ठेवल्या आणि समोर खुर्ची टाकून बसले. उघडल्या नाहीत. नुसते बघत होते. मध्येच एखादी उचलायचे, कानाशी हलवायचे, ठेवायचे. खिडकीतून वारा येत होता, पडदा शिडासारखा फुगत होता. मी चहा नेऊन दिला तर म्हणाले, "बेटावर उतरायचं आणि तिथून दीपगृह बघायचं, असं नाही करता येत, नाही?" मी म्हटलं, "नाही." मग आम्ही दोघंही थोडा वेळ त्या पेट्यांकडे बघत बसलो. मला काय बघायचं ते माहीत नव्हतं, तरी बरं वाटत होतं.

रविवारी सकाळी हे तर्रीपोहे खायला बाहेर पडले. "खाता खाता ठरवतो," म्हणाले.

दार लागलं आणि मी पेट्यांकडे पाहिलं. माणूस आत काय आहे ते न बघता ठरवणार तरी कसं? साडीची घडी उलगडल्याशिवाय पदर दिसतो का? मी रामदासपेठेतल्या ऑफिसात येणारा माल उतरवून घेते. खोक्यावर छापलेलं आणि खोक्यात असलेलं जुळल्याशिवाय मी आजवर सही केलेली नाही. मी बोलणार नाही असा शब्द दिला होता. बघणार नाही असा नव्हता.

मी भाजीची सुरी आणली आणि तिन्ही पेट्यांची प्लास्टिकची आवरणं कडेने, सरळ रेषेत कापली. (अत्यंत व्यवस्थित कापली, हे मनीषनेही नंतर मान्य केलं.) आतल्या वस्तू काढून दिवाणावर मांडल्या. दीपगृहात सेल घालून पाहिले, लागलं. तिन्ही डिस्का मऊ फडक्याने पुसल्या. सारख्याच दिसत होत्या, तेव्हा कुठली कुठल्या पेटीतली हा प्रश्न मी पुढे ढकलला. बेटाच्या कार्डावर चंदेरी पट्टी होती. खाली नंबर छापलेला आहे की नाही याची खात्री नको? मी नाण्याने खरवडलं. नंबर होता. मला समाधान वाटलं.

तेवढ्यात सासूबाई आल्या.

"काय वं, दुकान मांडलं का?"

"तपासून घेते, आई."

"बरं करतेस. त्याच्या भरवशावर राह्यलं तं रिकामा डबा घेऊन येईन तो." त्यांनी कापडी नकाशा उचलला आणि बोटांनी चोळून पाहिला. "कापड चांगलं हाय. मिक्सरवर झाकाले बरोबर होते." आणि माझं दीपगृहाकडे लक्ष असताना त्यांनी तो खरोखर मिक्सरवर घातला. आदल्याच दिवशी त्या मिक्सरमधून हळद काढली होती.

हे परत आले ते प्रसन्न चेहऱ्याने. दारातच म्हणाले, "ठरलं."

मग त्यांनी दिवाण पाहिला.

ते ओरडले नाहीत. त्यांनी कार्ड उचललं, खरवडलेल्या पट्टीवरून अंगठा फिरवला आणि फार हळू म्हणाले, "अगं, बेट उघडलंस तू."

"बघायला. परत करायच्या आधी चिकटपट्टी लावते."

तेव्हा कुठे त्यांना मनीषची सूचना आठवली आणि त्यांनी मला ती सांगितली. मी तडक ऋचाला फोन लावला.

"आई, सील तोडलं?"

"सुरीने. सरळ."

"तिन्हींचं?"

"एकाचं तोडून दोन ठेवले असते तर पक्षपात झाला असता."

मग ती म्हणाली, "तू एक शब्दही बोलली नाहीस, हे मात्र खरं."

मनीषला फोन केला तर तो आधी दुकानातच कोणालातरी "पाणी आण बे" म्हणाला. मग म्हणाला, "काकू, घडी मोडलेली साडी आमचे बाबा तरी परत घेतात का? आणि डॉक्टर तं तुमच्याकडे निघाले पण. मीच पत्ता दिला. म्हटलं मोठी पेटी नको असेल तर तिथूनच घेऊन जातील."

डॉक्टर आला. तिशीचा, शांत, उंच मुलगा. त्याने पेटीची कापलेली कड पाहिली आणि एक्सरे बघावा तशी उजेडात धरली. "स्वच्छ आहे," म्हणाला, "पण जुळणार नाही." मग त्याने नकाशा विचारला. सासूबाईंनी तो मिक्सरवरून काढून दिला. दक्षिणेकडच्या समुद्रात हळदीचा पिवळा डाग पडला होता, मिक्सरच्या झाकणाएवढा गोल.

ह्यांनी तो डाग पाहिला, अगदी जवळ जाऊन पाहिला आणि म्हणाले, "हे बघा डॉक्टर, इथे बेट झालं."

डॉक्टरही वाकला. दोघं त्या डागाचे किनारे बोटाने दाखवत राहिले. कुठे होडी लागेल, कुठे खडक असतील. मग ह्यांनी पडदे ओढले आणि दीपगृह लावलं. भर दुपारी आमचा दिवाणखाना अंधारला, छोटा पिवळा उजेड भिंतीवरून, सासूबाईंच्या फोटोतल्या बैलजोडीवरून, माझ्या चेहऱ्यावरून हळूहळू फिरून गेला. हाडांचा डॉक्टर चहाचा कप हातात घेऊन तासभर बसला आणि पेटी न घेताच, पण फार समाधानाने गेला.

तिन्ही पेट्या राहिल्या. माणसाला आयुष्यात एकदा निवडायची संधी मिळाली होती आणि मी ती भाजीच्या सुरीने कापली होती. रात्रीच्या जेवणानंतर मी जरा नरमाईने विचारलं, "अहो, पोहे खाताना काय ठरलं होतं तुमचं?"

"आता काय त्याचं? तिन्ही आहेतच."

"तरी. बेट की दीपगृह?"

ते नुसते हसले, रिमोट घेतला आणि निघाले. लाटांचा आवाज सुरू झाला.

त्यानंतर मी रोज विचारते. या घरात कुठली गोष्ट कुठे आहे हे मला झोपेतही सांगता येतं, आणि हे एक मला माहीत नाही. ह्यांनी ते मनात कुठेतरी ठेवलंय आणि तिथली किल्ली माझ्याकडे नाही. शेवटी मी ऋचाला विचारलं. तिला सांगितलंय म्हणाली. सासूबाईंनाही सांगितलंय. तो डॉक्टर हल्ली रविवारी होडी बघायला येतो, त्यालाही माहीत आहे.

"मग मलाच काहून नाही?" मी सासूबाईंना विचारलं.

"तुले सांगितलं का तू बदलशील, म्हनून," त्या म्हणाल्या. "आमचं सगळ्यांचं तसंच मत पडलं."

हे ऐकून मला वाईट वाटलं. इतक्या वर्षांनी माझ्याबद्दल घरच्यांचं हे मत असावं? मी कशाला कोणाचं ठरलेलं बदलू? ज्याची त्याची आवड असते. आणि तसंही ह्यांनी दीपगृहच ठरवलेलं असणार, तेच बरोबर आहे. चुकून बेट ठरवलं असेल, तर एकदा समोर बसवून समजावून सांगावं लागेल.