राहत होती

आखाती देशातल्या करामा वस्तीतल्या आमच्या इमारतीत घरमालकाने यंदा कोणाचाच भाडेकरार वाढवून दिला नव्हता. इमारत पाडणार, अशी कुजबुज होती. नेमका तेव्हाच एक जर्मन संस्कृतिभाष्यकार कॅमेरामन घेऊन आमच्या घरी आला. तीस वर्षं तो टीव्हीवरच्या माहितीपटांत जगभरची शहरं समजावून सांगतोय. असा माणूस आमच्या देव्हाऱ्यासमोर उभा राहणार म्हणजे काय! मी नवा झब्बाच चढवला.

तो गंभीर आवाजात जर्मनमध्ये बोलू लागला. पुण्यात कॉलेजात असताना मी जर्मन क्रियापदं घोकली होती. त्यामुळे बाकी काही नाही, तरी भूतकाळ मला झोपेतही कळतो.

"काय म्हणाला हो?" बायकोने विचारलं.

"इथे मराठी कुटुंबं राहत होती."

"होती? अहो, मी अजून चहा गाळतेय इथे! सांगा त्याला!"

मी सांगितलं. तो ओशाळून हसला. फिल्म वर्षभराने दाखवतात, म्हणून आपण नेहमी भूतकाळातच बोलतो, म्हणाला.

"आणि वर्षभराने तो भूतकाळ कधी खोटा ठरला?" मी आपलं गमतीत विचारलं.

त्याने चष्मा काढला आणि अगदी प्रामाणिकपणे आठवू लागला. बंदरावरचं कॉफीघर, विणकरांची गल्ली, एक जुनं थिएटर. "नाही," तो म्हणाला. "अजून एकदाही नाही."

बायकोच्या हट्टाखातर त्याने पुन्हा शॉट दिला. या वेळी 'राहतात' म्हणाला. कॅमेरामनने विचारलं, पहिला पुसून टाकू का?

"नको," तो हळूच म्हणाला. "दोन्ही असू दे."