घोडपदेवच्या नाक्यावरचा फळा

आमच्या घोडपदेवच्या नाक्यावर मंडळाचा काळा फळा आहे. त्यावर रोज सकाळी पेपरातली मोठी बातमी लिहिणाऱ्या काकांचं नाव मला अजून माहीत नाही. ते खडू पाण्यात भिजवून घेतात, फूटपट्टीने फळाभर आडवी रेघ मारतात आणि मग तिच्याखाली एकेक अक्षर टांगतात. मागून कोणी शहाणपणा शिकवला, की न वळता म्हणतात, "वाच आणि पुढे चल."

अमेरिकेच्या अध्यक्षाच्या निवडणुकीत पेपरने घाईघाईत हरलेल्यालाच निवडून आणलं. काकांनी तेच ठळक अक्षरांत उतरवलं. दुपारी टीव्हीवर खरा निकाल आला आणि अख्खा नाका त्यांना हसला. मीही हसलो.

दुसऱ्या दिवशी पेपरने आत कुठेतरी कोपऱ्यात दोन ओळींची दिलगिरी छापली. काकांनी मात्र फळा भरून लिहिलं : 'काल इथे खोटी बातमी लिहिली गेली. लिहिणारा मी.'

मंडळाचा सेक्रेटरी ओलं फडकं घेऊनच आला. "काका, पुसून टाका ना! चूक पेपरची, आणि इज्जत आपल्या मंडळाची जाते."

"हात लावून बघ."

"अहो, मग त्यांच्यासारखं खाली कोपऱ्यात बारीक लिहा. कोण वाचतंय?"

काका फळ्याला पाठ टेकून उभे राहिले.

"त्यांचं बरं आहे रे. माझ्या फळ्याला आतलं पान नाही."