पलीकडच्या काठची कणसं

खाडीपलीकडच्या नातालीनमावशीची कणसं देवळाच्या पायरीवरून परत पाठवली ती मीच. देवस्थान समितीत सर्वांत मोठा आवाज माझा होता.

आमचा देव मूळचा खाडीपलीकडचा. पोर्तुगीज देवळं पाडू लागले तेव्हा आमच्या पूर्वजांनी मूर्ती होडीत घालून या काठावर आणली. मागे राहिले ते ख्रिस्ती झाले, पण नव्या भाताच्या पहिल्या कणसांचा मान त्यांनी सोडला नाही. राजवट आली, गेली, तरी कणसं येत राहिली. ती देवाला वाहिल्यावरच आम्ही नवं खायचो.

यंदा मी म्हणालो, "मावशी, यापुढे आणू नकोस. तुमचा धर्म वेगळा."

तिने कणसांवरचा फडका नीट केला. "बाबा, देव तुमीं व्हेलो, आमकां थंयच सोडलीं. आतां कणसांय नाका?"

देव आम्ही नेला, त्यांना तिथेच सोडलं, असं ती म्हणत होती. आम्ही देव वाचवला, हे ऐकतच मी वाढलो. होडीत मूर्तीला जागा झाली आणि शेजाऱ्यांना झाली नाही, हे मात्र कुणी सांगितलं नव्हतं. दगा दिला तो मागे राहिलेल्यांनी, असंच आम्ही धरून चाललो. पूर्वजांना निदान परक्या सत्तेचं भय होतं. मला कशाचं होतं?

काल होडीने पलीकडे गेलो. मावशी अंगणात भात वारवत होती. तिने "बस" म्हटलं नाही. मी उभ्यानेच हात जोडले.

"मावशी, माझं चुकलं. कणसं मागायला आलोय. माझ्या घरी अजून नवं शिजलेलं नाही."