सरांचा फोन बोलू लागला

माझा पहिला फोन वडिलांनी कड्याच्या साखर कारखान्यातल्या त्यांच्या साहेबांकडून घेतला. साहेबांनी नवा घेतला होता, जुना तसाच पडून होता. मी बी.ए.ला अंबाजोगाईला जाणार होते आणि आमच्या कड्याहून अंबाजोगाई म्हणजे जिल्ह्याचं पार दुसरं टोक. पोरीचा आवाज रोज कानावर पडला पाहिजे, एवढीच आईची अट होती.

फोन राखाडी, जाडजूड, खाली आकड्यांची बटणं. त्यातला तीन आणि सहा घासून पुसलेला. पण तो साधा फोन नव्हता. त्यात बाहेरून सॉफ्टवेअर आणून टाकता यायचं. आता त्या जातीचे फोन कुणी बनवत नाही, त्यांच्यासाठी कुणी काही लिहीतही नाही. माझ्या शाळेतल्या मुलांना सांगितलं, की एक गेम टाकायला मला तेव्हा दोन दिवस लागायचे, तर ती माझ्याकडे दयेनं बघतात.

आधी नेट कॅफेत जाऊन फाईल शोधायची. ती उतरेपर्यंत वीज जायची. वीज आली की पहिल्यापासून. मग वायरीनं किंवा ब्लूटूथनं फोनमध्ये घ्यायची आणि उघडायची, की फोन सांगणार, प्रमाणपत्राची मुदत संपली आहे. पहिल्यांदा हे वाचलं तेव्हा मला वाटलं, माझ्याच फोनची काहीतरी मुदत संपली. पुढं नेट कॅफेत कुणीतरी लिहिलेलं वाचून कळलं, की फोनची तारीख दोन-तीन वर्षं मागं न्यायची, फाईल टाकायची आणि मग तारीख परत जागेवर आणायची. फोन बिनतक्रार ऐकायचा. ही युक्ती कळली आणि होस्टेलमध्ये माझा भाव वाढला. कुणाला डिक्शनरी हवी, कुणाला गाडी पळवायचा गेम. रेक्टर बाईंनी एकदा एका मुलीचा फोन जप्त केला आणि संध्याकाळी मला खोलीत बोलावलं. मला वाटलं, आता आपली पाळी. बाईंनी दार लोटलं आणि स्वतःचा फोन पुढं केला. "तिच्या फोनात तो विटा रचायचा गेम हाय ना, तो माझ्यात टाक. आणि बाहेर बोलू नको."

आमचे संगीताचे सर जन्मापासून आंधळे होते. पस्तिशीचे असतील. हार्मोनियम शिकवायचे, एकटेच राहायचे आणि पांढरी काठी घेऊन खोलीपासून कॉलेजपर्यंत चालत यायचे. फोन आला की घेता यायचा, पण मेसेज आला की जो कुणी जवळ असेल त्याच्यापुढं फोन धरायचा. कधी शिपाई, कधी चहावाला. सरांना कुणी काय लिहिलं, हे सरांच्या आधी अर्ध्या कॉलेजला कळायचं. संगीत माझा विषय होता आणि फोनवर माझा हात चालतो हे त्यांच्या कानावर गेलेलं होतं. हळूहळू मेसेज वाचायचं आणि उत्तर लिहायचं काम माझ्याकडेच आलं.

बहुतेक मेसेज लातूरच्या एका बाईंचे असायचे. त्या तिथल्या अंधशाळेत शिकवायच्या, स्वतःही आंधळ्या. एका गायनस्पर्धेत दोघांची ओळख झाली होती. त्यांच्या फोनमध्ये पडद्यावरचं सगळं बोलून दाखवणारं सॉफ्टवेअर होतं, म्हणून त्या स्वतःच्या हातानं लिहायच्या. इंग्रजी अक्षरांतली मराठी, स्वच्छ, एकही चूक नाही. आज मुलांना कुठला राग शिकवला, मेसची भाजी कशी होती, असलंच काहीतरी. मी वाचायचे, सर ऐकायचे, आणि मान थोडी डावीकडे कलती ठेवून उत्तर सांगायचे.

एक दिवस दुपारी तास संपल्यावर मेसेज आला. संगीताच्या खोलीबाहेरच्या व्हरांड्यात आम्ही बसलो होतो. शेजारी तबल्याच्या दोन मुली बूट घालत होत्या. मी वाचायला लागले. शाळेत स्नेहसंमेलनाची तयारी चालू आहे, घसा बसलाय. पुढं लिहिलं होतं, "घरचे एक स्थळ बघत आहेत. तुम्ही काही बोलणार असाल तर आता बोला. मी वाट बघीन, पण फार दिवस नाही."

माझे कान तापले. त्या दोन मुली आमच्याकडे बघत होत्या. हे मोठ्यानं वाचलं तर संध्याकाळपर्यंत गावभर होईल, हे मला दिसत होतं. मी थांबले.

"कावून थांबलीस गं?" सर म्हणाले.

"काही नाही सर. संपला मेसेज."

त्यांनी काठी मांडीवर आडवी घेतली. मग म्हणाले, "लिही. गरम पाण्याच्या गुळण्या करा. स्नेहसंमेलन कधी हाय ते कळवा."

मी लिहिलं आणि पाठवलं.

त्यांना एकटं गाठून सांगायचं, असं मी ठरवलं होतं. अगदी मनापासून ठरवलं होतं. पण दुसऱ्या दिवशी तासाला गर्दी होती. तिसऱ्या दिवशी खोलीत कुणीच नव्हतं, तर माझी जीभ उचलेना. एकोणीस वर्षांची मी, गुरूला म्हणणार काय, की तुम्हाला लग्नाचं विचारलंय आणि मी ते लपवलं? जितके दिवस गेले तितकं सांगणं अवघड झालं. लातूरहून मेसेज येणं बंद झालं. सर रोज विचारायचे, "काही आलंय का गं?" मी फोन बघायचे आणि नाही म्हणायचे. नाहीच यायचं. त्यांनी दोनदा फोन लावला, तो बाईंच्या भावानं उचलला आणि ती कामात आहे म्हणून ठेवला.

त्याच सुमारास सरांनी पुण्याच्या एका संस्थेला आधी लिहिलेल्या पत्राचं उत्तर आलं. एक सीडी आणि एक आकड्यांचा कोड. तेच बोलणारं सॉफ्टवेअर. बाईंनीच कधीतरी त्यांना संस्थेचा पत्ता दिला होता. सर सीडी खिशात घेऊन माझ्याकडे आले. "हे बसंल का आपल्या फोनात?"

मला ते काम म्हणजे सुटका वाटली. एकदा फोन बोलू लागला की माझ्या डोळ्यांची गरज संपणार होती. ही सुटका मला पुढं कुठं नेणार आहे, हे मात्र तेव्हा डोक्यात आलंच नाही.

सीडीतली फाईल सरांच्या मॉडेलला चालेना. नेट कॅफेत बसून त्यांच्या फोनला लागू पडणारी शोधली. ती मेमरी कार्डावर टाकली, तर फोन बंद करून चालू केला की आवाज गायब. पुन्हा काढली आणि फोनच्या आतल्या जागेत टाकली. मग कोड घातला. सर समोर खुर्चीच्या टोकावर बसले होते, दोन्ही हात गुडघ्यांवर. मी फोन चालू केला आणि त्यातून एक परदेशी बाप्या खरखरीत इंग्रजीत बोलला, "मेन्यू."

सर दचकले. मग त्यांनी हात पुढं केला. मी फोन हातात दिला. खालचं बटण दाबलं की एक शब्द, पुन्हा दाबलं की पुढचा. "कॉन्टॅक्ट्स." "लॉग." "मेसेजिंग." आमच्या गावांची आणि माणसांची नावं तो बाप्या अशी काही तोडायचा की सर हसत सुटले. दहा मिनिटांत त्यांना त्याची मराठी उमजायला लागली. कान तयार होता त्यांचा.

मग ते इनबॉक्समध्ये गेले.

मला तिथून उठता आलं असतं. उठले नाही. ते सगळ्यात जुन्या मेसेजपासून एकेक ऐकत पुढं पुढं येत होते. मेसची भाजी, भूप, कुणाचा तरी वाढदिवस. मग घसा बसलाय. आणि मग त्या खरखरीत आवाजानं, मराठीची पार चाळण करत, पण अर्थ कळेल इतपत, मी गिळलेली तीन वाक्यं वाचली. सरांनी बटण दाबून ती पुन्हा ऐकली.

ते माझ्याकडे वळले नाहीत. त्यांनी फोन शर्टाच्या खिशात ठेवला आणि म्हणाले, "लातूरची सकाळची पहिली गाडी कितीला असती, माहिती हाय का?"

"मी विचारून येते," मी म्हणाले, आणि बस स्टँडपर्यंत जवळजवळ पळत गेले. चौकशीच्या खिडकीपाशी उभी राहून मला रडू आलं. आतल्या माणसाला वाटलं, माझी गाडी चुकली.

सर दुसऱ्या दिवशी लातूरला गेले. चार दिवस कॉलेजला आले नाहीत. आले ते नेहमीसारखे, पेटी उघडून बसले आणि तास संपल्यावर म्हणाले, "उन्हाळ्यात लग्न हाय. तुमी सगळ्यांनी यायचं." ते स्थळ घरच्यांनी बघून ठेवलं होतं, पण बाईंनी होकार दिला नव्हता. लग्नात मी मंगलाष्टकांच्या वेळी पेटी धरली. त्या मेसेजबद्दल सर मला कधी काही बोलले नाहीत. मीही नाही. पुढं मी डी.एड. केलं, वडवणीजवळ शाळेत लागले, माझं लग्न झालं. दिवाळीला फोन व्हायचा, एवढंच.

गेल्या वर्षी सरांचा फोन आला. दिवाळी नव्हती. म्हणाले, "अगं, माझा मुका झाला परत."

त्यांच्या जुन्या फोनची बॅटरी फुगली होती. दुरुस्तीला दिला, तर दुकानदारानं बॅटरी बदलली आणि फोनमधलं सगळं पुसूनही टाकलं. त्यांच्याकडे टचचा फोन होता, मुलीनं शिकवला होता, तो मराठीही नीट वाचायचा. "पण पेटीवर बसल्यावर मांडीवर ठेवून एका अंगठ्यानं चालतो तो हाच. टचला नुसता हात लागला की कुणाला तरी कॉल जातो." अंबाजोगाईतली चार दुकानं फिरून झाली होती. पोरं म्हणत होती, असला फोन आम्ही बघितलाच नाही.

सॉफ्टवेअर बनवणाऱ्यांनी ते कधीच बंद केलं होतं. पण माझं जुनं मेमरी कार्ड सेफ्टी पिनांच्या डब्यात सापडलं. त्यात होस्टेलच्या मैत्रिणींचे धुरकट फोटो होते, विटा रचायचा गेम होता, आणि सरांची फाईलही होती. रविवारी मी अंबाजोगाईला गेले.

बाईंनी दार उघडलं. माझा हात दोन्ही हातांत धरून आत नेलं. कार्ड घातलं, फाईल उघडली, आणि पडद्यावर आलं, प्रमाणपत्राची मुदत संपली आहे. मला इतकी वर्षं न भेटलेलं कुणी ओळखीचं भेटावं तसं वाटलं. मी फोनची तारीख मागं नेली. फाईल बसली. आता कोड. बाईंनी कपाटातून ब्रेलमधला एक जाड कागद काढला आणि त्यावर बोटं फिरवत एकेक आकडा सांगितला. मी दाबत गेले. शेवटच्या आकड्यानंतर फोन क्षणभर गप्प राहिला, आणि मग तो बाप्या बोलला.

सर टाळी वाजवून हसले. बाई चहा टाकायला आत गेल्या. खोलीत आम्ही दोघंच होतो, आणि मी ते बोलून टाकलं.

"सर, तो मेसेज मी मुद्दाम अर्धा वाचला होता. नंतर सांगणार होते. सांगितलाच नाही."

"माहिती हाय."

"फोननं वाचला तेव्हा कळलं तुम्हाला."

"त्याच्या आधीच. तू थांबलीस आणि मग 'संपला' म्हणालीस, तवा तुझा आवाज चढला होता. पेटी शिकवतो मी, पोरी. एवढं कळतंय की."

"मग विचारलं का नाही?"

सरांनी फोन एका हातातून दुसऱ्या हातात घेतला. "भ्यालो. वाटलं, नकार असंल, म्हणून ही पोरगी वाचंना. ऐकलंच नाही तर नकारच नाही. लई दिवस तसंच काढले. तुझ्यापेक्षा मोठा होतो, मी विचारायला पायजे होतं."

इतकी वर्षं तो सगळा दोष एकटीचा म्हणून मी सांभाळला होता. आतून कपबशांचा आवाज आला आणि बाई म्हणाल्या, "दोघंबी सारखेच. मी तिकडं रोज गुळण्या करत बसले होते." आम्हाला वाटलं होतं, त्यांना ऐकू जात नाही.

जेवण झाल्यावर सर मला स्टँडवर सोडायला आले. वाटेत म्हणाले, "परत असं झालं तर तुला कशाला त्रास? आवाज नसताना कुठलं बटण किती वेळा दाबायचं, तेवढं सांगून ठेव. मोजून करीन मी."

धारूरमार्गे जाणारी गाडी मिळाली. खिडकीशी बसून मी सरांच्या फोनची बटणं आठवत, बोटांनी मांडीवर मोजत, सगळं बोलून रेकॉर्ड केलं आणि त्यांच्या टचच्या फोनवर पाठवलं. मधलं बटण, खाली चार, उजवीकडे एक. मध्येच कंडक्टर तिकीट विचारायला आला, तेही त्यात गेलं. गाडी घाटात शिरता शिरता सरांचं उत्तर आलं, "पाचवं परत सांग. तिथं तुझा कंडक्टर आला."