फाटक, जिलेबी आणि माझा उजवा हात

२०२४ चा वैशाख. अकोल्याचं ऊन सांगायला नको. जुन्या शहरातल्या आमच्या गल्लीत धड चालणारा कूलर फक्त माझ्या दुकानात. मी न्हावी. कूलरपुढच्या बाकावर, दाढी करायची असो नसो, माणसं बसून राहतात आणि बसली की साऱ्या जगाच्या गोष्टी करतात. दुकानात केस साचतात तसे किस्सेही साचतात. केस संध्याकाळी झाडून टाकतो. किस्से राहतात.

हे त्या उन्हाळ्याचे. त्याच उन्हाळ्यात माझा उजवा हात थरथरू लागला. वस्तरा धरायचा हात. मी कोणाला सांगितलं नाही.

बाकावरचे कायमचे दोघे. एक देवळे सर, शाळेत इतिहास शिकवून रिटायर झालेले. दुसरे युसूफभाई. त्यांचं युनानी दवांचं दुकान समोरच. एकदा सर म्हणाले, युनान म्हणजे ग्रीस. तिथलं वैद्यक अरबांनी आपल्या भाषेत नेलं आणि मग ते इकडे आलं.

मी म्हटलं, "म्हणजे दवा ग्रीसची, नाव अरबी, दुकान अकोल्यात अन् गिऱ्हाईक पातूरचं."

"अन् फरक नाही पडला तं शिव्या मले," युसूफभाई म्हणाले.

*

सरांनीच सांगितलं की पूर्वी युरोपात न्हावीच सर्जन असत. गळू फोडत, दात उपटत, हातपायसुद्धा कापत. खूण म्हणून दुकानाबाहेर लाल-पांढऱ्या पट्ट्यांचा खांब. लाल म्हणजे रक्त, पांढरी म्हणजे पट्टी.

माझी छाती फुगली. माझा आजाही गळवं फोडायचा. दुसऱ्या दिवशी पेंटरकडून एक बांबू तसा रंगवून घेतला. उभा करायला जागा नव्हती, म्हणून ओट्यापुढे आडवा बांधला.

दुपारी एकानं मोटरसायकल थांबवली, इंजिन बंद केलं आणि विचारलं, "काका, गाडी कोणती येऊन राहिली?"

सर्जन व्हायला निघालो होतो. गेटमन झालो.

*

मग हात धुण्याची गोष्ट निघाली. कुठल्याशा देशात एक डॉक्टर म्हणाला, बाळंतिणीला हात लावण्याआधी आपले हात धुवा, बाया मरणार नाहीत. बाकीचे डॉक्टर चिडले. आमचे हात घाण म्हणतो काय?

मी हसलो. "एवढे शिकले अन् एवढं समजे नाही?"

युसूफभाईंनी आरशापुढच्या वाटीकडे बोट दाखवलं. सकाळपासून तेच पाणी होतं. वर फेस, खाली केस आणि मधे एक मुंगळा.

मी वाटी मोरीत ओतली. "दुसरी गोष्ट सांगा," म्हटलं.

*

हाताचं लपत नव्हतं. आधी मी पंख्याला दोष दिला. मग खुर्ची हलते म्हणालो. एक दिवस देवळे सरांच्या हनुवटीला वस्तरा लागला. सरांनी तुरटी स्वतःच फिरवली.

"इतिहासात रक्त सांडतंच, गोविंदा," म्हणाले.

त्यानंतर सरांनी दाढी ठेवली. युसूफभाईंना दाढी होतीच, ते मिशी कोरायला यायचे. तेही थांबले. मग शेजारचा शिंपी, मग पोस्टमन. भर वैशाखात माझा बाक दाढीवाल्यांनी भरला. घाम पुसत बसायचे. कोणी दुसऱ्या न्हाव्याकडे गेलं नाही आणि कोणी माझ्या खुर्चीतही बसलं नाही.

मला वाटलं, फॅशन आली असेल. खरं समजायला फार वेळ लागला.

*

युसूफभाईंनी माजून नावाचं युनानी चाटण दिलं. गल्लीतल्या वैद्यांनी काढा दिला. लवकर बरं व्हावं म्हणून मी दोन्ही एकदमच घेतलं. हात थांबला नाही, पोट मात्र सुरू झालं.

सर म्हणाले, "दोन संस्कृती एकदम पोटात घेऊ नयेत."

*

शेवटी सरांनी मला अमरावतीला नेलं. त्यांची मुलगी मीनल तिथं मेंदूची डॉक्टर आहे. तिनं कागद-पेन पुढे ठेवलं. "काका, आतून बाहेर गोल गोल रेघ काढा."

"मी चौथी शिकलो. परीक्षा घ्यायची तं तुह्या बापाची घे."

"काढ रे," सर म्हणाले.

काढली. जिलेबी झाली, तीही फसलेली.

"हा कंपवात नाही, काका. साधी थरथर आहे, वयानं येते. गोळी देते. ही शोधली होती हृदयासाठी. हातालाही लागू पडते हे मागून कळलं."

म्हटलं, "डॉक्टर डोक्याची, गोळी छातीची अन् दुखणं हाताचं."

फी विचारली तर घेईना. मी उठून उभा राहिलो. "मी फुकट दाढी करत नाही. फुकट गोळीही खात नाही."

"मग बाकी ठेवा. लागेल तेव्हा मागीन."

*

गोळीनं हात शांत झाला. बाक मात्र तसाच, दाढीवाला. भरवसा गोळीनं येत नाही. खुर्ची रोज पुसायचो आणि रिकामी ठेवायचो.

दसऱ्यानंतर मीनल माहेरी आली. लेकराचं जावळ होतं. घरी मशीनवाल्या पोराला बोलावायचं ठरलं होतं. ती लेकरू घेऊन सरळ माझ्या दुकानात आली. तिचा भाऊ खुर्चीत बसला आणि त्यानं भाच्याला मांडीवर घेतलं. बाकावरचे सारे पुढे सरकून बसले.

मी मशीन उचललं.

"मशीन नको, काका," मीनल म्हणाली. "वस्तरा घ्या. तुमची फी मागायला आले."

नवीन ब्लेड लावलं. डोकं ओलं केलं. बोटांखाली टाळू उडत होती. देवळे सर उठून दारात गेले आणि रस्त्याकडे तोंड करून उभे राहिले.

लेकरू आधी रडलं, मग मामाच्या हातावर झोपून गेलं. शेवटची बट खाली पडली. मीनलनं लेकराच्या डोक्यावरून तळहात फिरवला आणि उजेडात धरून पाहिला. ओला होता, पण लाल नव्हता.

"फी फिटली, काका," ती म्हणाली.