नीलची हुकलेली पकड

परवा रविवारी संध्याकाळी उलव्याजवळच्या एका गावात, कबड्डीच्या मैदानाच्या कडेला मी नुसत्या येरझाऱ्या घालत होते. खुर्ची दिली होती, चहा दिला होता... पण बूड टेकेल तर शपथ.

मैदानात माझा भाचा नील उभा होता. भावाचा मुलगा, जन्म अमेरिकेतला, तिथल्या कॉलेजच्या टीममधून अमेरिकन फुटबॉल खेळतो. फुटबॉल आपला नावाला... चेंडू छातीशी धरून पळणाऱ्याला आडवं पाडायचं, हे त्याचं काम.

लहानपणी जाड म्हणून पोरं त्याला चिडवायची. या खेळाने पहिल्यांदा त्या जाडीला किंमत दिली. कॉलेजची पहिली दोन वर्षं राखीव म्हणून बाकावर गेली, तिसऱ्या वर्षी मैदानात उतरला आणि गाजला... आणि त्याच सीझनमध्ये डोक्याला दोनदा मार बसला. डॉक्टर म्हणाले, आता थांब. कोच म्हणाले, शेवटचं वर्ष उरलंय, खेळणार की नाही ते महिन्याभरात, म्हणजे या सोमवारपर्यंत कळव.

हे ठरवायला भावाने त्याला पाठवला माझ्याकडे, खांदा कॉलनीत! वर मला फोन, "तू शिक्षिका आहेस, तूच समजाव." जसं काही दहावीचं गणितच आहे.

तीन आठवडे पोरगा पहाटे उठून बिल्डिंगचे सहा मजले वरखाली पळत होता. माझी कपाटं उचलून इकडची तिकडे ठेवत होता. काही विचारलं की, "आत्या, आय ॲम ओके." मी रोज भाषण तयार करायचे आणि ऐनवेळी "अजून एक पोळी घे" म्हणून गप्प बसायचे... राग त्याचा नाही, माझाच यायचा.

शेवटी त्याला भारतीताईंकडे घेऊन गेले. त्या आमच्या शाळेच्या पी.टी. टीचर, एकेकाळच्या कबड्डीतल्या नावाजलेल्या कोपरारक्षक, म्हणजे कोपऱ्यात उभं राहून चढाईला आलेल्याचा पाय धरणाऱ्या. रविवारी त्या आपल्या गावातल्या मुलांना कबड्डी शिकवतात. नीलकडून वचन घेतलं होतं, फक्त बघायचं. दहा मिनिटांत साहेबांनी बूट काढले.

"नील, डोकं!" मी ओरडले. त्याने ऐकलं नाही. भारतीताईंनी मला हाताने थांबवलं.

एक शिडशिडीत पोरगा चढाईला आला. नीलच्या अंगावरच आला, पाय अगदी हाताशी... नील वाकला, झेपावणार, आणि जागीच थिजला. हात आपसूक डोक्यावर गेले. पोरगा त्याला टिचकी मारल्यासारखा शिवून परत गेला. पोरं हसली.

नील मैदानाबाहेर आला. माझ्यासाठी ठेवलेल्या खुर्चीत बसला.

"आत्या, मी घाबरलो," तो म्हणाला. "तिकडे पण घाबरतो. लास्ट गेममध्ये पण... कोणाला सांगितलं नाही."

मी माझा न प्यायलेला चहा त्याच्यापुढे केला. तेवढ्यात भारतीताई आल्या. त्यांनी पोरांना एका नजरेत गप्प केलं आणि नीलसमोर उकिडव्या बसल्या.

"भ्यालास नं? मंग बस. अर्ध्या मनानी पकडीला नाय जायाचा, हाडां मोडतान. आमीपन भ्यालो, म्हनून तर येलेवर थांबलो. त्यान लाज कसली?"

नीलला त्यातलं किती समजलं देव जाणे. मी अडखळत अर्थ सांगितला... भीती वाटली तर बस, अर्ध्या मनाने पकडीला गेलं की हाडं मोडतात; त्याही घाबरल्या, म्हणूनच वेळेवर थांबल्या, त्यात लाज कसली. तो मान खाली घालून ऐकत राहिला... मग म्हणाला, "परत सांग." मी परत सांगितलं.

सोमवारी सकाळी डायनिंग टेबलावर बसून त्याने कोचला मेल लिहिला, आता खेळणार नाही म्हणून. चार ओळींना दीड तास लागला. पाठवला, आणि बाथरूममध्ये जाऊन नळ सोडून रडला. मी बाहेर पोळ्या लाटत होते... एकही गोल झाली नाही.

भारतीताई, तुम्ही फेसबुकवर नाही, तरी इथे लिहिते. आम्ही सगळे जन्मभर त्या पोराला शूर म्हणत आलो. भ्यायची परवानगी फक्त तुम्ही दिलीत.