गेटबाहेरचं गणित

“साहेब, ह्यो स्लिंग बारीक वाटतोय,” रशीदभाई म्हणाले. “आठ टनी मागवूया.”

रोह्याजवळच्या एका केमिकल कंपनीत शटडाऊन चालू होता, म्हणजे दुरुस्तीसाठी प्लँट बंद. दहा टनांचा एक्स्चेंजर, म्हणजे आत नळ्या भरलेलं लोखंडी पिंप, क्रेनने उतरवायचा होता. मी कॉन्ट्रॅक्टरचा लिफ्टिंग इंजिनियर. रशीदभाई जवळच्या अष्टमी गावचे, आमचे रिगर. वजन बांधायचं आणि क्रेनला इशारे द्यायचे, हे रिगरचं काम. त्यांनी पंचवीस वर्षं तेच केलं होतं.

स्लिंग म्हणजे वजन बांधायचा तारेचा दोर. दोन दोर तिरके लावले की प्रत्येकावर निम्म्याहून जास्त ताण येतो. किती, ते कोनाच्या साइनवरून काढतात. आत मोबाईल न्यायला बंदी, कारण एका ठिणगीत सगळंच जाईल. म्हणून आम्ही गेटबाहेर चहाच्या टपरीवर कॅल्क्युलेटर ॲपमध्ये गणित करायचो, उत्तर मार्करने हेल्मेटवर लिहायचो आणि फोन जमा करून आत जायचो. आत गेल्यावर पुन्हा तपासायची सोय नव्हती.

त्या सकाळी माझ्या हेल्मेटवर ५.८८ टन लिहिलेलं होतं, प्रत्येक दोरावरचा ताण. सहा टनी स्लिंग जवळच पडले होते. आठ टनी प्लँटच्या दुसऱ्या टोकाला, स्टोअरमध्ये.

“ॲपवर काढलंय, रशीदभाई. पॉइंटच्या पुढचे दोन आकडेसुद्धा.”

“तुमचा मोबाईल शिकलेला हाय. मी डोळ्यानं बघतोय.”

तेवढ्यात प्लँट मॅनेजर लांबून ओरडले, “अहो, उचलताय की पंचांग बघताय?”

मला तो टोमणा झोंबला. “उचला,” मी म्हणालो.

वजन कमरेइतकं वर गेलं. क्रेनने जरासा झटका दिला आणि एक स्लिंग तुटला. एक्स्चेंजर कलला आणि एका टोकाने खाली आला. वजन गरगर फिरू नये म्हणून बांधलेली दोरी धरून रशीदभाई तिथेच उभे होते. त्यांचं उजवं पाऊल खाली सापडलं.

अँब्युलन्स गेल्यावर मी गेटवर फोन परत घेतला आणि साइन ३० दाबलं. उत्तर अर्धा, म्हणजे ०.५, यायला हवं. आलं उणे ०.९८८. कोपऱ्यात मुंगीएवढ्या अक्षरांत RAD लिहिलेलं. कोन अंशांत मोजतात तसा रेडियनमध्येही मोजतात, आणि ॲप रेडियनवर होतं. आदल्या संध्याकाळी मुलीने बारावीच्या कॅल्क्युलससाठी फोन घेतला होता. तिला रेडियनच लागतात, तिचं काही चुकलं नाही. तीसचं उत्तर लगेच चुगली करतं. आमच्या दोरांचा कोन पंचेचाळीसचा होता, आणि पंचेचाळीसचं उत्तर मात्र चुकीचं असूनही शहाण्यासारखं दिसतं. खरा ताण सात टनांच्या वर होता. गणितातले कंस मी दोनदा तपासले होते, तो कोपरा एकदाही नाही. माझी मलाच शिसारी आली.

स्लिंगला लिहिलेल्या आकड्यापेक्षा बरीच जास्त ताकद असते, नुसत्या सात टनांनी तो तुटायला नको. त्यामुळे चौकशीवाल्यांनी आतून गंजलेली तार दाखवली आणि लिहिलं, ‘रिगरने स्लिंग नीट तपासला नाही.’ कागद सहीसाठी माझ्याकडे आला. सही केली की मी सुटलो, आणि ज्याचं पाऊल गेलं दोषही त्याच्याच माथी. खोटं कशाला बोलू, दोन दिवस तो कागद पेणला घरी तसाच ठेवला. तिसऱ्या दिवशी खाली लिहिलं, ‘ताणाचा आकडा माझा होता आणि तो चुकीचा होता. रिगरने आधी सांगितलं होतं.’ त्याच दिवशी माझा गेटपास रद्द झाला.

रशीदभाईंचं पाऊल कापावं लागलं. अष्टमीला त्यांच्या घरी जाऊन मी त्यांना रेडियनचं सगळं सांगितलं.

“ह्यातलं मला काय समजत नाय, साहेब,” ते म्हणाले. “पण बारीक म्हटलेलं तुम्हाला समजलं व्हतं ना?”

चहा आला, तो कसाबसा प्यायलो.

आता दुसऱ्या साइटवर आहे. नव्या इंजिनियरांना पहिल्या दिवशी सांगतो : आधी साइन ३० दाबा, अर्धा आला तरच पुढे जा. आणि रिगर म्हणाला की स्लिंग बारीक आहे, तर अर्धा आला तरी थांबा.